दाजीबानपेठेत साप निघण्याआधीची सव्वाशे वर्षं

तुमचं घर दाजीबानपेठेत आहे, पण ते अजून बांधलेलं नाही. साल १८९८. पावसाळा लागलाय आणि तुम्ही हुबळीच्या चिखलात एका लांबलचक रांगेत उभे आहात. पुढच्या माणसानं डोक्यावरून घोंगडीची खोळ घेतलीय, मागची बाई कडेवरच्या पोराला गप्प करतेय. रांग लसीची आहे. मुंबईहून निघालेला प्लेग इथवर येऊन पोचलाय. हुबळी रेल्वेचं मोठं ठाणं, त्यामुळे त्याला वाट विचारावी लागली नाही. डॉ. ल्युमन नावाचे सरकारी डॉक्टर हजारोंच्या संख्येनं लोकांना टोचताहेत. लस मुंबईत वाल्देमार हाफकिन यांनी तयार केलेली. आदल्या वर्षीच्या जानेवारीत त्यांनी ती आधी स्वतःला टोचून घेतली होती.

सापांच्या गोष्टीत प्लेग कुठून आला, असं तुम्हाला वाटेल. दंड पुढे करा आणि रात्र होईपर्यंत थांबा.

प्लेगच्या धास्तीनं माणसं गावातली घरं सोडून शेतात झोपड्या घालून राहताहेत. जमीन काळी, ओली. अंथरूण जमिनीवरच. मध्यरात्रीनंतर तुमच्या शेजारच्या झोपडीतला जवान माणूस पोट दुखतंय म्हणून उठून बसतो. अंगावर जखम दिसत नाही, सूज नाही, रक्त नाही. थोड्या वेळानं त्याच्या पापण्या जड होतात, मग शब्द बोबडे होतात. घरच्यांना वाटतं झोप आवरत नाहीये. म्हातारी मात्र जाणती आहे. ती कडुनिंबाचा पाला आणून त्याच्या तोंडात कोंबते. कडू लागला तर ठीक, गोड लागला तर विष चढलं. कुणीतरी दंडाला दोरी करकचून बांधतं, कुणीतरी मांत्रिकाला आणायला धावतं.

एकविसाव्या शतकातून आलेल्या तुम्हाला हे ओळखता येतं. मण्यार. रात्री फिरणारा, जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावणारा आणि चावल्याचं कळूही न देणारा साप. पण ओळखून काय करणार? १८९५ साली फ्रेंच शास्त्रज्ञ आल्बेर काल्मेत यांनी नागाच्या विषावर रक्तद्रव बनवलाय खरा, पण तो मण्यारीसाठी नाही आणि हुबळीच्या शेतात तर नाहीच. पहाटे त्या माणसाचा श्वास थांबतो. सरकारी नोंदीत तो प्लेगात जाईल की तापात, कोण जाणे.

हुबळी, धारवाड, बेळगाव, रत्नागिरी ही सगळी गावं तेव्हा एकाच मुंबई इलाख्यातली. याच सरकारनं काही दशकांपूर्वी रत्नागिरीत फुरशांचा बंदोबस्त करायला प्रत्येक मेलेल्या फुरशामागे इनाम ठेवून पाहिलं होतं. लोकांनी गोणपाटं भरभरून फुरशी आणून ओतली. सलग सहा वर्षं, वर्षाला सरासरी सव्वादोन लाखांच्या वर. इतकं करूनही फुरसं आज कोकणात कातळावर, दगडाखाली, गडग्यात सुखानं नांदतंय. सापांविषयी सरकारचं पहिलं धोरण हे होतं: मारा आणि पैसे घेऊन जा. सर्पतज्ज्ञ हा प्राणी अजून जन्माला यायचा आहे.

चार वर्षं पुढे सरका आणि मुंबईला या. परळचं जुनं गव्हर्नमेंट हाउस. राज्यपालांच्या या वास्तूत १८९९ पासून हाफकिन यांची प्लेगची प्रयोगशाळा आहे. १९२५ मध्ये तिला त्यांचंच नाव मिळेल. तुम्ही आत शिरता तेव्हा जॉर्ज लँब हे लष्करी डॉक्टर एका बाकावर वाकून काम करताहेत. त्यांच्यासमोर दोन विषं आहेत, नागाचं आणि घोणशीचं. काल्मेत यांचा रक्तद्रव नागाच्या विषाला उतारा ठरतो, घोणशीच्या विषापुढे मात्र तो पाणी. नागाचं विष नसांवर जातं, घोणशीचं रक्तावर. एका कुलपाची किल्ली दुसऱ्याला लागत नाही.

इथं क्षणभर रेंगाळा, कारण पुढच्या शंभर वर्षांतला सगळा धंदा या बाकावर ठरतोय. उतारा सापागणिक वेगळा असेल, तर साप ओळखता आला पाहिजे. आणि तो डॉक्टरला नाही, गोठ्यात, माजघरात, बांधावर उभ्या असलेल्या माणसाला ओळखता आला पाहिजे. त्याला कोण शिकवणार?

त्याच परळमध्ये शतकाच्या मध्यावर तुम्हाला डॉ. पी. जे. देवरस भेटतील. पट्टीचे सर्पशास्त्रज्ञ, आणि मुख्य म्हणजे लिहिणारे. नॅशनल बुक ट्रस्टनं १९६५ साली काढलेलं त्यांचं भारतातल्या सापांवरचं पुस्तक पुढे दोन पिढ्यांच्या हौशी पोरांनी पालथं घातलं. त्यांच्या संस्थेत विष काढतात तेव्हा तुम्ही जवळून बघा. पातळ पडदा ताणून बांधलेला काचेचा पेला, त्यावर टेकवलेला नागाचा जबडा, आणि आत उतरणारे पिवळसर थेंब. ते सुकले की साखरेच्या कणांसारखे स्फटिक होतात. त्यांची सूक्ष्म मात्रा घोड्याला टोचायची, हळूहळू वाढवत न्यायची, घोड्याचं रक्त विषाशी लढायला शिकलं की त्यातून प्रतिविष वेगळं करायचं. आता त्यात नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांचं विष एकत्र वापरतात, म्हणजे बाटली एकच पुरते. ओळखीचा प्रश्न दवाखान्यात थोडा सोपा झाला. घरात तो होता तिथेच आहे.

तुम्ही परळहून हुबळीला परत निघेपर्यंत १ नोव्हेंबर १९५६ उजाडलेला असतो. तुमचं गाव मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेलंय. दाजीबानपेठेतल्या मराठी घरांत रेडिओवर बातम्या ऐकून वादावादी चाललीय. आपण त्यात पडायला नको. आपलं काम माथेरानला आहे.

सत्तरचं दशक. नेरळहून छोटी गाडी वळणं घेत चढते. वर मोटारींना बंदी, तांबडी माती, घोड्यांच्या टापा. एका हॉटेलात नीलिमकुमार खैरे नावाचा तरुण नोकरी करतोय. माथेरानचं जंगल हॉटेलाच्या खिडकीपर्यंत आलेलं, त्यामुळे साप पाहुण्यांच्या खोलीत, न्हाणीघरात, वऱ्हांड्यात कुठंही निघतात. साप दिसला की ओरडा, ओरडा ऐकला की काठी, आणि काठी पडली की लोक विचारतात, ‘विषारी होता का हो?’ हा प्रश्न नेहमी नंतर येतो. खैरेंना तो आधी पडला. झाडावरचा हिरवागार, सडपातळ हरणटोळ आणि तितकाच हिरवा, पण जाड त्रिकोणी डोक्याचा चापडा यांतला फरक कळला, तर निम्म्या काठ्या उगारल्याच जाणार नाहीत. या विषयाची पदवी कुठल्याही विद्यापीठात मिळत नव्हती आणि नोकरी तर मुळीच नव्हती. पगार हॉटेलचा, शिक्षण सापांकडून. ते चावे खाऊन शिकले, आणि हे शिक्षण कुणी घ्यावं असं मी म्हणणार नाही.

याच काळात मद्रासला रॉम्युलस व्हिटेकर यांचं सर्पोद्यान उभं राहतंय. जन्म न्यूयॉर्कचा, शाळा कोडाईकनालची, सापांचं प्रशिक्षण मायामीतल्या सर्पालयातलं. १९७२ मध्ये वन्यजीव संरक्षण कायदा आला, पुढे सापाच्या कातड्याचा व्यापार बसला आणि कातड्यासाठी साप पकडणाऱ्या इरुळा आदिवासींची चूल विझायची वेळ आली. व्हिटेकर यांनी १९७८ साली त्यांची सहकारी संस्था उभारायला मदत केली. साप पकडा, विष काढा, साप पुन्हा सोडून द्या. भारतात बनणाऱ्या प्रतिविषासाठी लागणारं बहुतेक विष आजही तिथूनच येतं. २०२३ मध्ये वडिवेल गोपाल आणि मासी सडैयन या दोन इरुळांना पद्मश्री मिळाली. तज्ज्ञ कुणाला म्हणायचं, याचं सरकारी उत्तर यायला पंचेचाळीस वर्षं लागली.

आता पुण्याला चला. २० जानेवारी १९८०. स्वेटर घाला.

काचेची एक खोली. बाहेर ही गर्दी. तुम्ही गर्दीत कोपरं मारत पुढे जाता आणि काचेला नाक लावता. आत एक खुर्ची, खुर्चीवर खैरे, आणि त्यांच्याभोवती, खाली, कोपऱ्यात, खुर्चीच्या पायांना वेटाळून ७२ साप. दोन प्रकारचे मिळून ३६ नाग, २४ घोणशी, आठ पट्टेरी मण्यार आणि चार बिनविषारी. दक्षिण आफ्रिकेत एका गृहस्थांनी २४ सापांबरोबर ५० तास काढले होते, तो विक्रम मोडायचा आहे. मुदत ७२ तास. खैरेंचं म्हणणं एका वाक्यात मावणारं आहे: डिवचल्याशिवाय साप चावत नाही. हे त्यांनी लेखात लिहिलं असतं तर कुणी वाचलं नसतं, म्हणून ते स्वतः आत जाऊन बसलेत.

ही वेळ बाहेरून बघण्यात अर्थ नाही. आत या.

पहिली गोष्ट जाणवते ती शांतता. बाहेरच्या लोकांची तोंडं हलताना दिसतात, आवाज येत नाही. दुसरी गोष्ट वास. एवढे साप एका ठिकाणी असले की ओल्या पोत्यासारखा, किंचित उग्र दर्प नाकात बसतो. तिसरी गोष्ट म्हणजे तुमचं स्वतःचं शरीर. पायाला मुंग्या आल्यात, पाय हलवायचाय, आणि पावलाशी घोणस आहे. जाड, आळसावलेली, पाठीवर साखळीसारखे तपकिरी ठिपके. तिच्यावर पाय पडला तर ती शिट्टी फुटलेल्या कुकरसारखी फुत्कारेल आणि पुढचं एका क्षणात होईल. पण पाय पडला नाही, तर तिच्या लेखी तुम्ही एक ओंडका आहात, ऊब असलेला. जानेवारीतल्या पुण्याच्या रात्री थंड रक्ताच्या प्राण्याला ऊब हवीच असते. एखादा नाग खुर्चीवर चढतो, मांडीवरून सावकाश सरकतो, दोनदा जीभ बाहेर काढून हवा चाखतो आणि पलीकडे उतरतो. फणा काढत नाही. कशाला काढेल? फणा म्हणजे ‘लांब राहा’ अशी सूचना. ओंडक्याला सूचना द्यायचं कारण नसतं.

झोप ही खरी परीक्षा. बसल्याजागी डुलकी लागली आणि हात खाली पडला तर? तासन्‌तास न हलणं हे धाडस नाही, शिस्त आहे. भीती घामानं बाहेर पडत नाही, ती मानेच्या मागच्या शिरेत गोठून बसते. तीन दिवस आणि तीन रात्री. ७२ तासांनंतर दार उघडतं आणि खैरे चालत बाहेर येतात. विक्रम गिनेसच्या पुस्तकात जातो.

गर्दी टाळ्या वाजवतेय. तुम्हीही वाजवा, पण बाजूच्या दोन पोरांचं बोलणं कानावर घ्या. एक म्हणतोय, ‘साप काय करत नाही बघ.’ दुसरा म्हणतोय, ‘मी पण पकडणार.’ पहिल्याला धडा कळला. दुसऱ्याला चुकीचा कळला. त्या काचेच्या खोलीनं महाराष्ट्रातल्या एका पिढीच्या मनातली सापाविषयीची घृणा कमी केली, हे मला मान्यच आहे, आणि त्या काळात दुसऱ्या कशानं ती कमी झाली असती असं वाटत नाही. पण त्या दुसऱ्या पोराचे वंशज आज हातात नाग धरून, त्याच्या फण्याचा मुका घेत मोबाइलपुढे उभे असतात. ७२ तास सापाला हात न लावता बसून राहण्यात जे होतं, त्याच्या नेमकं उलट. त्यांतले काही त्याच चित्रफितीत चावले जातात.

सहा वर्षांनी तुम्ही पीएमटीच्या बसनं कात्रजला उतरता. १९८६. महापालिकेच्या मदतीनं खैरेंनी इथं सर्पोद्यान उभं केलंय. शेजारी पुढे प्राणिसंग्रहालय येईल, पेशवे पार्कातली जनावरं इथं हलवली जातील. तूर्त रविवारची दुपार आहे, खड्ड्याच्या कठड्याला माणसं चिकटलीत, आणि आजपासून तुमची नोकरी सुरू. हातात हूक द्यायच्या आधी तुम्हाला ध्वनिक्षेपक दिला जातो.

‘ओ दादा, नाग डूख धरतो का?’

धरत नाही. माणूस ओळखून, पत्ता लक्षात ठेवून बदला घेणं त्याच्या मेंदूच्या आवाक्यातलं नाही.

‘मग दूध पितो ना?’

त्याला ओठ नाहीत, चोखता येत नाही, दूध पचतही नाही. पंचमीच्या आधी गारुडी त्याला बरेच दिवस तहानलेला ठेवतो. मग समोर काहीही पातळ आलं की तो तोंड बुडवतो. विषाचे दात उपटलेले असतात, कधी तोंडही शिवलेलं असतं. बरेच साप नंतर मरतात.

‘पुंगीवर डोलतो, ते आम्ही डोळ्यांनी पाहिलंय.’

पुंगी हलते म्हणून तो डोलतो. पुंगीऐवजी रुमाल हलवा, तरी डोलेल.

‘मांडुळाला दोन तोंडं असतात. माझ्या मेव्हण्यानं एक विकलं.’

इथं मात्र ध्वनिक्षेपक खाली ठेवा आणि त्या माणसाला बाजूला घ्या. मांडुळाची शेपूट बोथट असते, दुसरं तोंड नसतं. गुप्तधन, काळी जादू आणि लाखोंचे सौदे यांच्या नादात हा बिचारा उंदीर खाणारा साप पोत्यांत भरून विकला जातो. विकणाऱ्याला तुरुंग होऊ शकतो. मेव्हण्याला सांगा.

संध्याकाळपर्यंत हेच प्रश्न पुन्हा येतात, त्याच क्रमानं, वेगळ्या तोंडांतून. पुढच्या रविवारीही. सर्पतज्ज्ञाच्या आयुष्यातला रोमांच चित्रांत दिसतो तेवढाच असतो. उरलेला वेळ न चिडता तेच उत्तर नव्यानं देण्यात जातो. विद्यार्थ्यांच्या सहली आल्या की काम बदलतं. त्यांना दोन-दोन साप शेजारी ठेवून दाखवायचे. कवड्या आणि मण्यार: कवड्याचे पट्टे मानेपासून सुरू होऊन शेपटीकडे पुसट होत जातात, मण्यारीचे शेपटीकडे अधिक ठळक. घोणस, अजगराचं पिल्लू आणि डुरक्या घोणस: तिघांना एकच समजून मारलं जातं, आणि पहिल्यालाच अजगर समजून उचललंही जातं. धामण: शेतकऱ्याच्या कणगीतले उंदीर खाणारी, म्हणून सगळ्यात जास्त उपयोगाची, आणि लांबलचक, वेगवान म्हणून सगळ्यात जास्त मारली जाणारी. तासाभरानं मुलांना तीन जोड्या ओळखता आल्या तर तुमचा दिवस सार्थकी लागला.

खैरेंनी या सगळ्याचं पुस्तक केलं: महाराष्ट्र, गोवा आणि कर्नाटकातल्या सापांचं मार्गदर्शक. तीन राज्यं एका पुठ्ठ्यात, कारण सह्याद्री आणि त्याच्या पूर्वेचं पठार अखंड आहे. तुमच्या हुबळीत निघणारा साप कोल्हापुरात निघणाऱ्या सापाहून वेगळा नाही, फक्त तिथं त्याला धामण म्हणून ठेचतात आणि इथं केरे हावु म्हणून. काचेच्या खोलीपेक्षा हे पुस्तक मला मोठं काम वाटतं. खोलीत एकच माणूस सुरक्षित होता.

खैरेंच्या या कामाची दखल विद्वानांनी वेगळ्या भाषेत घेतली. २०१६ साल. पश्चिम घाटातल्या पावसाळी जंगलात, पालापाचोळ्याखाली गुडघे टेकून तुम्ही ओली माती उकरताय. बोटभर जाडीचा, काळा, उजेडात इंद्रधनुष्यासारखा चमकणारा साप वळवळतो. जमिनीखाली राहणारा, माणसाला चावून इजा न करणारा, कुणाच्या चित्रफितीत न येणारा. दक्षिण महाराष्ट्र, गोवा आणि लगतच्या कर्नाटकात सापडणारा हा साप आधी दुसऱ्याच जातीचा समजला जायचा. डेव्हिड गॉवर, वरद गिरी, अशोक कॅप्टन आणि मार्क विल्किन्सन यांनी तो वेगळा असल्याचं सिद्ध केलं आणि नाव दिलं मेलॅनोफिडियम खैरेई. २४ घोणशींबरोबर बसलेल्या माणसाच्या वाट्याला आलेला साप गांडूळवजा आणि निरुपद्रवी आहे. मला वाटतं, यापेक्षा नेमका सत्कार झाला नसता.

घाटाच्या त्याच रांगेत, दक्षिणेला आगुंब्यात, व्हिटेकर यांनी २००५ मध्ये पर्जन्यवन संशोधन केंद्र सुरू केलं आणि नागराजाच्या अंगात छोटं प्रक्षेपक बसवून तो जातो कुठं, याचा माग काढला. २०२४ मध्ये पश्चिम घाटातला नागराज ही स्वतंत्र जात असल्याचं जाहीर झालं. तिला शास्त्रीय नावही कन्नड मिळालं, कालिंगा. हे काम करणाऱ्यांत अग्रभागी असलेले पी. गौरी शंकर यांना पूर्वी नागराज चावला होता आणि उपलब्ध प्रतिविषाचा उपयोग झाला नव्हता. परळच्या बाकावरचा १९०२ चा प्रश्न अजून सुटलेला नाही. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतले संशोधक दाखवून देताहेत की एकाच जातीच्या नागाचं विषही प्रदेशागणिक बदलतं. तमिळनाडूतल्या विषापासून बनलेली बाटली दुसऱ्या टोकाच्या चाव्यावर तोकडी पडू शकते.

आणि आता तुमचं घर बांधून झालंय. श्रावणातली संध्याकाळ, दाजीबानपेठ. तुळजाभवानीच्या देवळात आरतीची गर्दी, दुर्गदबैलाकडून येणाऱ्या रस्त्यावर दुचाक्यांची खेटाखेट. घराघरांत पंचमीच्या उंड्या वळताहेत, कुठंतरी झोका बांधलाय. वारुळाला दूध घालून बायका परतताहेत. तेवढ्यात एका दुकानाच्या मागच्या गोदामातून ओरडा होतो, ‘हावु! हावु!’, आणि तुमचा फोन वाजतो. दगडाच्या नागाला दूध आणि जिवंत नागाला काठी, या विसंगतीवर बसवण्णांनी बाराव्या शतकातच बोट ठेवलंय. तुम्हाला त्यावर भाषण द्यायला वेळ नाही. पोचेपर्यंत काठी पडू नये एवढंच बघायचंय.

म्हणून पहिलं काम फोनवरच. ‘साहेब, कुणी जवळ जाऊ नका. लांबून नुसती नजर ठेवा. दार उघडं राहू द्या. रॉकेल, फिनेल काही ओतू नका.’ पोचल्यावर दुसरं काम माणसांचं. निम्मी पेठ गोदामाच्या दारात. मालक घामाघूम, हमाल उत्साहात, तीन पोरं चित्रण करताहेत. एक ज्येष्ठ गृहस्थ कन्नडमध्ये सांगताहेत की जोडी असते, दुसरा शोधा. सगळ्यांना दहा पावलं मागे घ्यायला लागणारा वेळ साप धरायच्या वेळेपेक्षा नेहमी जास्त असतो. खोक्यांच्या मागे नाग आहे. इथं पुठ्ठा आहे, पुठ्ठ्यात उंदीर आहेत, उंदरांमागे तो आलाय. हुकानं त्याला हळूच वळवायचं, कापडी पिशवीच्या तोंडाला लावलेली रुंद नळी त्याच्यासमोर धरायची. अंधार आणि आडोसा दिसला की तो स्वतःहून आत जातो. हात लावायची गरज पडत नाही. बघणाऱ्यांचा हिरमोड होतो. ‘एवढंच?’ असं कुणीतरी म्हणतं. तुम्ही चांगलं काम केल्याची ती पावती आहे.

पिशवी बांधल्यावर पाच मिनिटं उरतात. लोकांचं लक्ष असण्याची ही एकच वेळ. गोदामातली भोकं कुठली बुजवायची, पुठ्ठे जमिनीपासून वर का ठेवायचे, रात्री गटाराकडे जाताना पायात काय आणि हातात काय हवं, हे आत्ताच सांगायचं. वनखात्याला कळवायचं आणि साप शक्य तितक्या जवळच्या योग्य जागी सोडायचा. दूरच्या अनोळखी रानात नेऊन सोडलेले साप बहुधा तगत नाहीत. या कामाला पगार नाही. मालक पेट्रोलचे पैसे देऊ करतो, कधी नुसताच चहा.

भारतात २००० ते २०१९ या काळात वर्षाला सरासरी ५८ हजार माणसं सर्पदंशानं गेली असा अभ्यासकांचा अंदाज आहे, आणि त्यांतली बहुतेक खेड्यांत, पावसाळ्यात अधिक. जागतिक आरोग्य संघटनेनं २०१७ मध्ये सर्पदंशाला दुर्लक्षित आजारांच्या यादीत घातलं. २०२४ मध्ये कर्नाटकानं त्याची प्रत्येक नोंद सरकारला कळवणं बंधनकारक केलं, असं करणारं हे पहिलं राज्य. त्याच वर्षी केंद्रानं २०३० पर्यंत मृत्यू निम्म्यावर आणण्याची योजना जाहीर केली. साप मारून आणणाऱ्याला इनाम देणाऱ्या सरकारच्या वारसांनी चावे मोजायला सुरुवात केली, हे या सगळ्या प्रवासाचं फलित.

तेव्हा साप चावलाच तर दोरी बांधू नका, ब्लेड मारू नका, तोंडानं विष ओढू नका, कडुनिंब चघळत बसू नका. अंगठ्या, बांगड्या, पैंजण काढा. चावा बसलेला हात किंवा पाय फळीला बांधून स्थिर ठेवा आणि माणसाला चालवू नका. सापाच्या मागे लागू नका. जमलं तर लांबून फोटो घ्या, नाही जमलं तरी चालेल. १०८ ला फोन करा आणि थेट हुबळीच्या सरकारी वैद्यकीय महाविद्यालयासारखं, प्रतिविष आणि श्वासयंत्र दोन्ही असलेलं रुग्णालय गाठा. आणि पहाटे कुणाचं पोट विनाकारण दुखू लागलं, पापण्या मिटू लागल्या, तर अंगावर जखम शोधण्यात वेळ घालवू नका.